शेवट पाठ आहे, तरी रडू का येतं?

प्रश्न : ताई, मी ४८ वर्षांची, सांगलीला असते. टीव्हीवर 'दिलवाले दुल्हनिया ले जाएंगे' लागला की हातातलं काम टाकून बसते आणि शेवटच्या ट्रेनच्या सीनला दरवेळी डोळ्यांत पाणी. मिस्टर हसतात, म्हणतात शेवट पाठ आहे तुला, मग रडतेस कशाला? खरंच, कशाला रडते मी?

उत्तर : अहो, तुम्ही निदान घरबसल्या फुकट रडता, लोक तिकीट काढून जातात! मुंबई सेंट्रलच्या मराठा मंदिरला हा पिक्चर ऑक्टोबर १९९५ ला लागला तो लागलाच, २०१४ च्या डिसेंबरात १००० आठवडे झाले, आणि लॉकडाऊन सोडला तर त्यानंतरही चालूच. मी एकदा मुद्दाम सकाळच्या शोला गेले होते. शिट्ट्या कधी पडल्या माहितीये? बाप हात सोडतो ना, त्याच्या आधीच. पुढे सगळं नीट होणारे ही खात्री असली की माणूस मोकळेपणाने रडतो, नाहीतर खरोखरचं लग्न मोडायची वेळ आली तर रडायला उसंत कुठे असते, पाहुण्यांना फोन करा, हॉलचा ॲडव्हान्स परत मागा...

आणि हे काही आजचं नाही. अण्णासाहेब किर्लोस्करांचं 'सौभद्र' १८८२ चं. सुभद्रा अर्जुनाचीच होणार हे प्रेक्षकांत कोणाला माहीत नव्हतं? तरी बलरामदादा दुर्योधनाला शब्द देऊन बसलेत, अर्जुन संन्यासी बनून तिच्याच घरात वावरतोय (आपला राज नवरदेवाचा दोस्त बनून लग्नघरात घुसतो, तसंच की!), आणि लोक पदांना वन्समोर देऊन गोष्ट आणखी लांबवायचे. भेट लांबते त्यातच तर सगळी गोडी.

फक्त लांबायला कारण पटणारं हवं. बापाने दिलेला शब्द, हे पटतं. पण हल्लीच्या सिरीयलमध्ये दाराआडून अर्धवट बोलणं ऐकलं म्हणून तीन महिने अबोला, अरे एक फोन कर की बाबा! तिथे मी नाही रडत, सरळ चॅनल बदलते.

राहता राहिले मिस्टर. २ एप्रिल २०११, वानखेडेवरचा धोनीचा तो सिक्स ते कितव्यांदा बघतायत विचारा, आणि शास्त्रीची कॉमेंट्री सुरू झाली की त्यांच्या चेहऱ्याकडे जरा हळूच बघा.