कुंभार्लीत गाडी ओढेना, दोष टर्बोचाच का?

प्रश्न : आमची २०१४ ची डिझेल गाडी आहे, १ लाख ३८ हजार किलोमीटर झालेली. माहेर चिपळूणला, त्यामुळे महिन्यातून एकदा कुंभार्ली घाट ठरलेला. गेल्या दोन फेऱ्यांत परत येताना पोफळी सोडून चढ लागला की गाडी दम टाकते. तिसऱ्या गिअरमध्ये ॲक्सिलरेटर तळाला टेकवला तरी वेग वाढत नाही, मागे काळा धूर, पुढून ‘स्स्स’ असा आवाज आणि इंजिनचा पिवळा दिवा. बाजूला घेऊन बंद करून पुन्हा चालू केली की थोडा वेळ बरी चालते. पाटण-कराड सपाटीला काहीच जाणवत नाही. गॅरेजवाल्यांनी बॉनेट उघडून पाहिलं आणि टर्बो गेला म्हणाले. नवा बसवायला ३८ हजार, रिकंडिशन १८ हजार. घरात गाडी विकायची भाषा सुरू झाली आहे. आणि टर्बो म्हणजे नेमकं काय, तेही सांगा. मी सातवीला विज्ञान शिकवते, पण मला ते धड सांगता येत नाही. (एक शिक्षिका, पाटण)

उत्तर : बाई, ३८ हजार देऊ नका. १८ हजारही देऊ नका. आधी गाडीला स्कॅनर, म्हणजे गाडीच्या कॉम्प्युटरने नोंदवलेला दोष वाचणारं यंत्र, लावायला सांगा आणि त्यावर दिसणारा दोषाचा कोड कागदावर लिहून घ्या. नुसतं बॉनेट उघडून टर्बो गेल्याचं कळत नाही. मी तीस वर्षं हेच काम करतोय, मलाही कळत नाही.

तुमचा दुसरा प्रश्न आधी घेतो, कारण तो समजला की पहिल्याचं उत्तर निम्मं हातात येतं. इंजिनातून बाहेर पडणारा गरम धूर एरवी सायलेन्सरमधून वाया जातो. टर्बोत तो धूर एका पंख्यावर सोडलेला असतो. त्याच दांड्याच्या दुसऱ्या टोकाला दुसरा पंखा असतो. तो बाहेरची हवा ओढतो, दाबतो आणि इंजिनात ढकलतो. हवा जास्त मिळाली की डिझेलही जास्त जाळता येतं, म्हणून सव्वा लिटरचं इंजिन अख्खं कुटुंब आणि डिकीतल्या आंब्याच्या पेट्या घेऊन घाट चढतं. कल्पना आल्फ्रेड ब्यूखी या स्विस अभियंत्याची, पेटंट १९०५ चं. मुलांना वर्गातला पंखा दाखवा. तो मिनिटाला तीन-साडेतीनशे फेरे घेतो. छोट्या गाडीतल्या टर्बोचा दांडा दीड ते दोन लाख घेतो. तोही साध्या बुशमध्ये, म्हणजे धातूच्या गुळगुळीत नळकांड्यात, इंजिन ऑईलच्या पातळ थरावर तरंगत.

दाबलेली हवा तापते, म्हणून ती पुढच्या जाळीमागच्या इंटरकूलरमध्ये गार होऊन मग इंजिनात जाते. टर्बो ते इंटरकूलर आणि इंटरकूलर ते इंजिन या वाटेवर रबराचे होज, म्हणजे जाड पाईप आहेत, क्लॅम्प लावलेले. दहा-अकरा वर्षांत रबर तापून, ऑईल पिऊन मऊ पडतं आणि चिरतं. बहुतेक वेळा चीर खालच्या बाजूला असते, वरून दिसत नाही. सपाटीला दाब कमी असतो तेव्हा ती मिटलेली राहते. घाटात तुम्ही ॲक्सिलरेटर दाबता, दाब चढतो, चीर उघडते आणि हवा ‘स्स्स’ करत बाहेर जाते.

काळा धूरही तिथूनच येतो. आत येणारी हवा मोजणारा सेन्सर फिल्टरजवळ असतो, होज फुटतो त्याच्या पुढे. कॉम्प्युटरला वाटतं एवढी हवा आली, तेवढं डिझेल तो सोडतो. हवा मात्र वाटेत निसटलेली. न जळलेलं डिझेल काळं होऊन मागून निघतं. मग दाब कमी पडतोय हे कॉम्प्युटरच्या लक्षात येतं, तो दिवा लावतो आणि इंजिनची ताकद मुद्दाम आवरून धरतो. गाडी बंद करून चालू केली की ते बंधन पुढच्या चुकीपर्यंत सुटतं. तुम्ही लिहिलेलं ‘थोडा वेळ बरी चालते’ हे वाक्य माझ्यासाठी फार मोलाचं होतं.

माझा अंदाज आहे की कोड पी०२९९ निघेल. त्याचा अर्थ एवढाच की मागितला तेवढा हवेचा दाब मिळाला नाही. टर्बो मेला असं तो कोड कुठेही म्हणत नाही, पण अनेक ठिकाणी तसाच वाचला जातो.

आता तुम्ही स्वतः करायचं ते. गाडी रात्रभर थंड झालेली असताना टॉर्च घेऊन होजच्या दोन्ही टोकांना आणि खालून हात फिरवा. थोडा ओलसरपणा चालतो. इंजिनातली ऑईलची वाफ त्याच वाटेने जाते. पण एका जागी काळपट, चिकट, धूळ धरलेला डाग लागला तर तिथेच फट आहे. हवेचा फिल्टरही काढून बघा. ऊस गाळपाच्या दिवसांत आपल्याकडच्या रस्त्यांवर पाचटाचा भुगा आणि राख इतकी असते की पुस्तकातल्या किलोमीटरची वाट बघण्यात अर्थ नाही.

गॅरेजमध्ये करून घ्यायचं ते असं. फिल्टरच्या बाजूने वाट बंद करून हळू हवा भरायची, पाऊण-एक बारपेक्षा (बार हे दाबाचं माप) जास्त नाही, आणि सगळ्या सांध्यांवर साबणाचं पाणी मारायचं. जिथे बुडबुडा, तिथे गळती. पंक्चर काढण्याचीच रीत आहे. होज निघाला तर काही हजारांत काम संपेल. टेप गुंडाळून पाठवू नका म्हणावं, ती टेप पोफळीपर्यंतही टिकणार नाही.

होज चांगला निघाला तर पुढे स्कॅनरवर आकडे बघायचे. चावी चालू, इंजिन बंद असताना हवेच्या दाबाचा सेन्सर बाहेरच्या हवेचा दाब दाखवायला हवा. पाटण-कराडच्या उंचीला तो ९४०-९५० मिलिबारच्या आसपास येतो. फार वेगळा आकडा आला तर सेन्सर काजळीने माखलेला किंवा खराब आहे. मग शेजारी माणूस बसवून चढावर गाडी न्यायची आणि मागितलेला दाब व मिळालेला दाब एकाच पडद्यावर बघायचे. दोन्ही जोडीने चढले पाहिजेत. मिळालेला मागे राहिला तर टर्बोच्या दाबावर ताबा ठेवणारा ॲक्च्युएटर, त्याची बारीक नळी, त्याची दांडी तपासायची. दांडी अडकत असेल तर नुसती साफसफाईही पुरते. तुमच्या गाडीत व्हीजीटी प्रकारचा, म्हणजे धुराची वाट कमी-जास्त करणाऱ्या पाकळ्यांचा टर्बो असेल तर त्या आतल्या हलत्या पाकळ्या काजळीने चिकटतात. सतत गावातल्या गावात फिरणाऱ्या गाड्यांना हे जास्त होतं. ईजीआर व्हॉल्व्ह, म्हणजे थोडा धूर पुन्हा इंजिनात सोडणारी झडप, उघडा अडकला तरी हीच लक्षणं येतात.

हे सगळं झाल्यावरच टर्बोला हात लावायचा. इंजिन थंड आणि बंद असताना फिल्टरकडचा पाईप काढून पंख्याचा दांडा दोन बोटांत धरायचा. आडवा किंचित हलला तर घाबरायचं कारण नाही, ऑईलच्या थरासाठी ती जागा ठेवलेलीच असते. पुढे-मागे सरकला, पाती घराला घासल्याची खूण दिसली किंवा पात्याचा कोपरा तुटलेला दिसला, तर टर्बो खरोखर गेला. ही तपासणी तुमच्या डोळ्यांसमोर करायला सांगा. तो तुमचा हक्क आहे आणि तिला दहा मिनिटं लागतात.

हे मी इतक्या तळमळीने लिहितोय त्याला कारण आहे. माझं गॅरेज नवं होतं तेव्हा एका कुटुंबाच्या गाडीचा टर्बो खरंच गेला होता. मी नवा बसवला, पैसे घेतले. अकराव्या दिवशी तो नवाही गेला, रात्री, देवदर्शनाहून परतताना, म्हातारी माणसं गाडीत. उघडलं तेव्हा दिसलं, टर्बोला ऑईल पोचवणारी बारीक नळी आतून जळक्या ऑईलच्या खरपुड्यांनी जवळजवळ बुजलेली. पहिला टर्बोही त्यामुळेच गेला होता आणि मी ती नळी तशीच पुन्हा जोडली होती. दुसरा टर्बो मी माझ्या पैशाने बसवला, पण त्या आजींनी रस्त्याकडेला काढलेली रात्र मला भरून देता आली नाही. तेव्हापासून टर्बो का गेला हे सापडल्याशिवाय मी नवा बसवत नाही.

म्हणून टर्बो बदलायची वेळ आलीच तर हे लिहून घ्या. ऑईल आणि ऑईल फिल्टर नवा. ऑईल पोचवणारी नळी नवी, धुतलेली नको. ऑईल परत नेणारी नळी मोकळी. इंटरकूलर उतरवून आतलं ऑईल आणि धातूचा चुरा काढायचा, नाहीतर तो चुरा इंजिनात जातो. ऑईलच्या तोंडाला गॅस्केटच बसवायचं, सिलिकॉन फासायचं नाही. त्याचा गोळा सुटून तीच बारीक वाट बंद करतो. सुरू करण्याआधी टर्बोत थोडं ऑईल ओतायचं आणि डिझेल बंद ठेवून स्टार्टर मारून ऑईलचा दाब येऊ द्यायचा. रिकंडिशन घेणार असाल तर बॅलन्सिंग केल्याचा कागद मागा. दीड लाख फेऱ्यांना केसभर असमतोलही चालत नाही. कागद नसेल तर तो टर्बो घेऊ नका, कितीही स्वस्त असला तरी.

गाडी विकायची घाई करू नका. होज बघा आणि कोड काय निघाला ते मला कळवा.

प्रश्न : सकाळी गाडी चालू केली की निळसर धूर येतो आणि दीड हजार किलोमीटरला लिटरभर ऑईल टाकावं लागतं. मेकॅनिक म्हणतो टर्बो ऑईल खातोय, चालवा तशीच, फक्त ऑईल घालत राहा. चालेल का? (एक वाचक, इचलकरंजी)

उत्तर : नाही, चालणार नाही. काळा धूर आणि निळा धूर यांत फार मोठा फरक आहे. निळा म्हणजे इंजिन ऑईल जळतंय. ते टर्बोतूनच येतंय की पिस्टन रिंग किंवा व्हॉल्व्ह सीलमधून, हे आधी ठरवा. इंटरकूलरचा खालचा होज काढा. आत नुसता ओलावा असेल तर टर्बोवर संशय कमी. ऑईल साचून ओघळलं तर टर्बोकडे बोट जातं. तरीही ऑईल परत नेणारी नळी आणि इंजिनचा ब्रीदर (आतली वाफ बाहेर सोडणारी वाट) तुंबलाय का बघा. ऑईलला खाली जायला वाट नसेल तर चांगला टर्बोही ते बाहेर टाकतो. डिपस्टिकवर ऑईल खुणेच्या वर तर भरत नाही ना, तेही पाहा.

भीती दुसऱ्याच गोष्टीची आहे, आणि ती तुम्हाला कुणी सांगितलेली दिसत नाही. डिझेल इंजिनाला ठिणगी लागत नाही. टर्बोचं सील पूर्ण सुटलं आणि ऑईल हवेबरोबर आत जाऊ लागलं, तर इंजिन स्वतःच्याच ऑईलवर पळत सुटतं. चावी बंद केली तरी थांबत नाही, आवाज चढत जातो, मागे धुराचा लोट. असं झालं तर गाडी उभी असताना ब्रेक पूर्ण दाबा, हँडब्रेक ओढा, सगळ्यात वरचा गिअर टाका आणि क्लच सोडा, म्हणजे इंजिन गुदमरून बंद पडेल. नाही पडलं तर सगळ्यांना घेऊन गाडीपासून लांब व्हा. बॉनेट उघडून हाताने किंवा फडक्याने हवेची वाट बंद करायला जाऊ नका. घरात जो जो गाडी चालवतो त्याला हे आज सांगा, आणि ऑईलचा निकाल लागेपर्यंत लांबचा प्रवास करू नका.

प्रश्न : नवी टर्बो पेट्रोल गाडी घेतली. बंद करण्याआधी दर वेळी दोन मिनिटं इंजिन चालू ठेवायचं का? (एक वाचक, फलटण)

उत्तर : दर वेळी नाही. बाजारातून घरी आलात तर लगेच बंद करा. पण पसरणी घाट चढून पाचगणीला चहाला थांबलात किंवा महामार्गावरून वेगात येऊन पंपावर शिरलात, तर मिनिटभर इंजिन स्लोवर राहू द्या. टर्बो तेव्हा लाल होण्याइतका तापलेला असू शकतो. इंजिन बंद झालं की ऑईल वाहायचं थांबतं आणि आत राहिलेलं जळून त्याच्या खरपुड्या होतात, वर लिहिल्या तशाच. काही नव्या गाड्यांत इंजिन बंद झाल्यावरही टर्बो गार करणारा पाण्याचा पंप थोडा वेळ चालू राहतो, तुमच्या गाडीत तो आहे का ते मॅन्युअलमध्ये सापडेल. ऑईलचा ग्रेडही तिथेच लिहिलेला असतो, तोच घाला. आणि सकाळी पहिल्या मिनिटाला, ऑईल अजून गार असताना, रेस करू नका.