कोकणातल्या शिमग्याला नोंदींची वही घेऊन निघालास, तर

पालखीचे फोटो सगळेच काढतात. तू मानकऱ्यांचा क्रम टिप. पहिला खांदा कुणाचा, होळीचा पहिला नारळ कुणाचा, देवाला गाऱ्हाणं कोण घालतो आणि ‘व्हय म्हाराजा’ म्हणायला मागे कोण उभे असतात, यात निम्मा गाव कळतो. उरलेला मानपानाच्या भांडणांत. तेव्हा भांडणाऱ्या दोन्ही वाड्यांत चहा पी.

मानववंशशास्त्राचे अभ्यासक फान गेनेप यांची संक्रमण-विधींच्या तीन टप्प्यांची १९०९ची मांडणी (विलगता, उंबरठा, पुनःप्रवेश) वाचच. मुंजीला ती छान बसते, शिमग्याला ओढूनताणून लावू नकोस.

देवाला कौल लावताना रेकॉर्डर विचारल्याशिवाय नको. आणि ‘याचा अर्थ काय?’ असं विचारलंस की ‘पूर्वापार चालत आलंय’ एवढंच ऐकशील. ‘चुकलं तर काय करता?’ असं विचार, म्हणजे म्हातारे तासभर बोलतील.