फुजिवारा यांची ‘रिकामी’ वर्षे : एक अनुभवाचे उत्तर

जपानी सहायक नट कामातारी फुजिवारा यांची चित्रपटसूची करताना १९४०च्या पुढची काही वर्षे कोरी राहतात, त्यावरून त्यांनी युद्धकाळात अभिनय सोडला असावा, असे आपण लिहिले आहे. कृपया हा निष्कर्ष लेखात घालू नका. हेच विधान मी एका फिल्म सोसायटीच्या स्मरणिकेत छापले होते आणि त्याची खंत मला आजही आहे.

फुजिवारा काम करीतच होते, पण दुसऱ्या नावाने. सातव्या शतकात फुजिवारा घराण्याचा पाया घालणाऱ्या मंत्र्याचे नावही कामातारीच होते. मंत्र्याच्या नावात ‘विळा’ या अर्थाचे जपानी अक्षर आहे, नटाच्या नावात ‘भात शिजवण्याचा हंडा’ या अर्थाचे. उच्चार मात्र एकच. युद्धकाळात सत्ताधाऱ्यांना हा त्या थोर पुरुषाचा अवमान वाटला आणि नटाला ‘केइता’ व्हावे लागले. १९४१ सालच्या दिग्दर्शक नारुसे यांच्या बस कंडक्टर मुलीच्या चित्रपटातील ड्रायव्हर आणि त्याच वर्षीच्या दिग्दर्शक यामामोतो यांच्या ‘घोडा’ या चित्रपटातील नायिका हिदेको ताकामिने यांचे वडील, या दोन्ही भूमिका त्यांच्याच. ‘घोडा’चे सहायक दिग्दर्शक कुरोसावा होते, हे लक्षात घेतले की पुढे स्वतःच्या ‘सेव्हन सामुराई’ चित्रपटात आपल्या मुलीचे केस जबरदस्तीने कापणारा भेदरलेला मांझो त्यांनी फुजिवारांकडेच का सोपवला असेल, याचा थोडा अंदाज येतो. अर्थात हे माझे मत आहे.

या शोधात माझे पाच महिने वाया गेले ते एका कार्यालयामुळे. नाव बदलले होते का, असे मी स्पष्ट विचारले असता त्यांनी ‘कामातारी’ नावाखालची छापील यादी पाठवली आणि दुसऱ्या पत्राला उत्तरच दिले नाही. प्रमुख नटांच्या बाबतीत असे घडले नसते, असे मला अजूनही वाटते. सहायक नटाचे आयुष्यभराचे काम एका नोंदीच्या शब्दलेखनावर अवलंबून ठेवणे हा अन्याय आहे. म्हणून नावावरून शोध घेऊ नका. चित्रपट घ्या, श्रेयनामावली थांबवून अक्षरे ताडून पाहा आणि मग चेहरा ओळखा. मी जपानीचा अभ्यासक नाही, कामापुरती अक्षरे ओळखतो. शंका आल्यास जाणकारांकडून तपासून घ्या. ‘सेव्हन सामुराई’तील आणखी एक नट दाइसुके कातो हे फुजिवारांच्या घटस्फोटित पत्नी, अभिनेत्री सादाको सावामुरा यांचे धाकटे भाऊ, त्यांनीही आधी वेगळ्या नावाने कामे केली होती, तेव्हा त्यांच्या सूचीतही हीच काळजी घ्या.

आणखी एक. १९६५ साली कुरोसावांच्या ‘रेड बिअर्ड’मध्ये मरणासन्न रोकुसुके साकारणारे फुजिवारा त्याच वर्षी आर्थर पेन यांच्या ‘मिकी वन’ या अमेरिकन चित्रपटात मूक कलावंत म्हणून दिसतात. केवळ जपानी निर्मितीसंस्थांच्या याद्या चाळल्यात, तर ही भूमिका हमखास निसटेल.