‘मत्तयकृत शुभवर्तमान’मधले ‘कृत’

प्रश्न असा आहे: मराठी बायबलच्या जुन्या आवृत्त्यांत ‘मत्तयकृत शुभवर्तमान’, ‘मार्ककृत शुभवर्तमान’ अशी शीर्षके दिसतात. अभ्यासक मात्र येशूचे चरित्र सांगणारी ही चारही पुस्तके (मत्तय, मार्क, लूक, योहान) मुळात निनावी आहेत असे सांगतात. मग ‘कृत’ हे भाषांतर चुकले आहे का, आणि ग्रीकमध्ये नेमके काय आहे?

ग्रीक शीर्षक आहे ‘एउआंगेलिऑन काता माथ्थाइऑन’. पहिल्या शब्दाबद्दल वाद नाही. ‘एउ’ म्हणजे शुभ आणि ‘आंगेलिया’ म्हणजे वर्तमान, निरोप. मराठी शब्द अगदी जोडाला जोड बसला आहे. प्रश्न आहे तो ‘काता’चा. इथे त्याचा सरळ अर्थ ‘-प्रमाणे’, ‘-नुसार’ असा होतो. ग्रीकमध्ये ग्रंथकर्त्याचे नाव एरवी षष्ठीत येते, जसे होमरची इलियड. ती रीत इथे सोडली आहे, आणि एका नव्हे, चारही शीर्षकांत सोडली आहे.

याचे कारण ‘एउआंगेलिऑन’ या शब्दाच्या इतिहासात सापडते. नव्या करारातले, म्हणजे बायबलच्या ख्रिस्ती भागातले, सर्वांत जुने लेखन म्हणजे आद्य ख्रिस्ती प्रचारक पौल याची पत्रे, साधारण इ.स. ५० ते ६० या काळातली. त्यांत हा शब्द वारंवार येतो, पण एकदाही पुस्तकासाठी नाही. तो तोंडी सांगायचा, जाहीर करायचा निरोप आहे, आणि एकच आहे. मार्कचे पुस्तक ‘येशू ख्रिस्ताच्या शुभवर्तमानाचा प्रारंभ’ अशा शब्दांनी उघडते, तेव्हाही लेखक आपल्या पुस्तकाचे नाव सांगत नसून त्या निरोपाबद्दल बोलत असावा. दुसऱ्या शतकाच्या मध्यावर जस्टिन मार्टर या ख्रिस्ती लेखकाकडे आले की चित्र पालटते. तो ‘प्रेषितांच्या आठवणी’ असा ग्रंथांचा उल्लेख करतो आणि त्यांना शुभवर्तमाने म्हणतात असेही नोंदवतो. म्हणजे तोवर शब्दाला अनेकवचन आले होते आणि निरोपाची पोथी झाली होती.

शीर्षके मात्र जुन्या अर्थाला धरून आहेत. शुभवर्तमान एकच, ते येशूचे. मत्तयाने सांगितले तसे हे, लूकने सांगितले तसे ते. रामकथा एक आणि ती सांगणारे अनेक, या आपल्या सवयीच्या कल्पनेला हे फार जवळचे आहे. म्हणून अर्थाच्या या छटेपुरते ‘मत्तयानुसार’ हे ‘मत्तयकृत’पेक्षा सरस, असे माझे मत आहे. ‘मोरोपंतकृत केकावली’ म्हटले की रचना मोरोपंतांची, संपूर्ण, हे आपण गृहीत धरतो. ‘कृत’ हा तृतीया तत्पुरुष तेवढा भार उचलतोच.

तरीही ‘कृत’ला सरसकट चूक म्हणायला मी तयार नाही. ग्रीकमध्ये ‘काता’ कधीकधी लेखकाकडेही बोट दाखवते. मक्काबींचे दुसरे पुस्तक या ग्रीकमधल्या यहुदी ग्रंथात (२:१३) नहेम्याच्या आठवणींचा उल्लेख आहे, तिथे हेच अव्यय वापरले आहे. शिवाय ज्यांनी ही शीर्षके चढवली त्यांना ‘हे मत्तयाने लिहिले’ असेच म्हणायचे होते, याबद्दल फारशी शंका नाही. इ.स. १८०च्या सुमारास आयरेनियस हा बिशप चौघांचीही नावे घेतो आणि चौघांनी लिहिले असे स्पष्ट म्हणतो. तेव्हा ‘कृत’ हे परंपरेच्या समजुतीचे प्रामाणिक भाषांतर आहे. ती समजूत कितपत खरी, हा प्रश्न वेगळा, आणि अभ्यासकांचा सगळा वाद तिथे आहे.

ग्रंथांच्या आतल्या मजकुरात कुठेही ‘मी मत्तय’, ‘मी मार्क’ असे येत नाही. निनावी म्हणतात ते या अर्थाने. ‘मत्तयाप्रमाणे’ असे कोणी स्वतःच्या पुस्तकावर लिहीत नाही. एकाहून अधिक शुभवर्तमाने शेजारी आली, त्यांना वेगळे ओळखण्याची गरज पडली, तेव्हाच असे नाव लागते. ते कधी लागले? जर्मन अभ्यासक मार्टिन हेंगल यांचे म्हणणे होते की फार लवकर, कारण नावे उशिरा लागली असती तर वेगवेगळ्या प्रांतांत एकाच पुस्तकाला वेगवेगळी नावे मिळाली असती. तसे झालेले नाही. ज्या जुन्या हस्तलिखितांत शीर्षक शिल्लक आहे, तिथे नावे तीच. ‘पपायरस ७५’ या प्रतीत एकाच पानावर लूक संपतो आणि योहान सुरू होतो; दोन्ही शीर्षके एकाखाली एक आहेत आणि दोन्हींत ‘काता’ आहे. दुसऱ्या बाजूला बार्ट एरमन यांच्यासारखे अभ्यासक दाखवून देतात की जस्टिन इतका मजकूर वापरतो, पण या चौघांपैकी एकालाही लेखक म्हणून नावाने उद्धृत करत नाही. नावे पक्की व्हायला दुसऱ्या शतकाचा उत्तरार्ध उजाडला, असा ते निष्कर्ष काढतात. मला हेंगल यांचा मुद्दा वजनदार वाटतो, पण तो नावांचे वय सांगतो, त्यांचा खरेपणा सिद्ध करत नाही.

या दोहोंच्या मध्ये पापियस उभा आहे. दुसऱ्या शतकाच्या पूर्वार्धातला हा आशिया मायनरमधला बिशप. त्याचा ग्रंथ हरवला. चर्चचा इतिहासकार युसेबियस याने चौथ्या शतकात दिलेल्या उताऱ्यांतून तो आपल्याला कळतो. तो म्हणतो की मार्क हा येशूचा प्रमुख शिष्य पेत्र याचा दुभाषा होता, त्याने आठवेल ते नीट लिहिले, पण क्रमाने नाही. आणि मत्तयाने ‘लोगिया’ (शब्दशः वचने) इब्री म्हणजे हिब्रू भाषेत जुळवले, मग ज्याने त्याने जमेल तसा त्यांचा अर्थ लावला.

मत्तयाच्या बाबतीत हे वाक्य मोठी अडचण करते. आपल्या हाती असलेला मत्तय हे इब्रीचे भाषांतर वाटत नाही. मार्कच्या मजकुराचा सुमारे नव्वद टक्के भाग त्यात आहे, तोही कित्येकदा त्याच ग्रीक शब्दांत. मार्क १३:१४ मध्ये येशूचे बोलणे चालू असताना मध्येच ‘वाचणाऱ्याने समजून घ्यावे’ असा लेखकाचा शेरा येतो. मत्तय २४:१५ मध्ये तो शेरा नेमका त्याच जागी आहे. बोलणाऱ्याच्या आठवणीत असा शेरा नसतो; तो लेखी प्रतीतून लेखी प्रतीत जातो. बहुतेक अभ्यासक म्हणूनच मार्क आधीचा मानतात.

आता येशू जकातनाक्यावरच्या माणसाला शिष्य होण्यासाठी बोलावतो, तो प्रसंग पाहा. मार्क २:१४ मध्ये नाक्यावर बसलेला माणूस अल्फीचा मुलगा लेवी आहे. मत्तय ९:९ मध्ये तोच प्रसंग, जवळजवळ त्याच शब्दांत, पण माणसाचे नाव मत्तय. स्वतःच्या बोलावण्याची हकीकत एखादा शिष्य दुसऱ्याच्या, आणि तिथे हजर नसलेल्याच्या, पुस्तकातून तृतीयपुरुषी का उचलेल? शुभवर्तमानांमागे प्रत्यक्षदर्शींची साक्ष आहे असे हिरिरीने मांडणारे रिचर्ड बॉकमसुद्धा इथे थांबतात. लेवी आणि मत्तय हे दोन वेगळे लोक, आणि हा बदल करणारा लेखक मत्तय स्वतः नव्हे, असे त्यांचे मत आहे. १८३२ मध्ये जर्मन धर्मशास्त्री श्लायरमाखर यांनी ‘लोगिया’ म्हणजे आजचे पुस्तक नसून येशूच्या वचनांचा संग्रह, असा अर्थ सुचवला होता. तो मानला तर मत्तयाचे नाव अशा एखाद्या संग्रहावरून पुस्तकाला चिकटले असेल. हा तर्कच आहे, पण सुसंगत तर्क आहे.

मार्कची गोष्ट उलटी. तो मत्तयासारखा येशूच्या बारा शिष्यांतला नव्हता. नाव बनवायचेच होते तर थेट पेत्राचे घेता आले असते. तरी ते मार्कचे राहिले, यात मला थोडे तथ्य दिसते. लूक सुरुवातीलाच (१:१-४) सांगून टाकतो की आपल्या आधी अनेकांनी लिहिले आहे आणि मूळ साक्षीदार दुसरे आहेत. योहानाच्या शेवटी (२१:२४) ज्या शिष्याने हे लिहिले ‘त्याची साक्ष खरी आहे हे आम्हांला ठाऊक आहे’ अशा अर्थाचे वाक्य आहे. हे ‘आम्ही’ कोण, यावर रकानेच्या रकाने लिहिले गेले आहेत. एकूण, चार ‘कृत’ सारख्याच वजनाचे नाहीत.

हिंदीतही ‘मत्ती रचित सुसमाचार’ रूढ आहे, तेव्हा कर्तृत्वाकडे झुकण्याची ही ओढ एकट्या मराठीची नाही. प्रश्नकर्त्याला माझा सल्ला इतकाच: एखाद्या आवृत्तीचे शीर्षक उद्धृत करताना ‘मत्तयकृत’ तसेच ठेवा, ते त्या आवृत्तीचे नाव आहे. ग्रीक शीर्षकाचा अर्थ सांगायचा असेल तिथे ‘मत्तयानुसार’ लिहा. आणि नुसता संदर्भ द्यायचा असेल तर ‘मत्तयाचे शुभवर्तमान’ पुरते. मराठी षष्ठी लेखक, सांगणारा आणि नावापुरता धनी या तिघांनाही सामावून घेते.