उमेदवाराचा मोबाइल हातात घेण्यापूर्वी

विधानसभेला भाऊंचं सोशल मीडियाचं काम तुझ्याकडे आलंय म्हणे. बरं झालं. पण पहिल्याच दिवशी रील कापायला बसू नकोस. आधी उमेदवारी अर्जासोबत द्यायचं नमुना २६ चं शपथपत्र बघ. त्यात उमेदवाराला आपली समाजमाध्यमांवरची खाती लिहावी लागतात. पैसे देऊन चालवायची जाहिरात असेल, तर आधी निवडणूक आयोगाच्या माध्यम प्रमाणन समितीची मंजुरी घे आणि खर्च उमेदवाराच्या निवडणूक खर्चाच्या हिशोबात धर. पोस्टला बूस्ट मारणं, म्हणजे पैसे देऊन ती जास्त लोकांना दाखवणं, हाही खर्चच, हे पोरं हमखास विसरतात.

खरी लढाई फेसबुकवर नसते, ती गावागावांतल्या व्हॉट्सॲप ग्रुपवर असते. तिथे पक्षाचा झेंडा घेऊन घुसलास की लोक म्यूट करतात. टँकर कधी येणार, पीकविम्याचं काय झालं, याचं नीट उत्तर दे. तेच पुढे जातं. (सकाळच्या फुलांच्या शुभेच्छा मात्र कृपा करून नकोत.)

आणि एक. १ जुलै २०१८ ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारी टोळी समजून जमावाने पाच जणांना ठेचून मारलं. अफवा मोबाइलवरून पसरली होती. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात एक मेसेज एका वेळी पाचच चॅटमध्ये फॉरवर्ड करता येईल अशी मर्यादा घातली. तेव्हा विरोधकाची जुनी क्लिप कुणी 'आत्ताची आहे' म्हणून पाठवली, तर आधी तारीख शोध, पूर्ण व्हिडिओ बघ. मिळालं नाही तर सोडून दे. भाऊ चिडतील, चिडू देत.