वाचक विचारतात : त्या गप्प बसल्यात का?

प्रश्न : मी घरीच मशीनवर शाळेचे युनिफॉर्म शिवते. परवा मोबाईलवर बातमी आली की अफगाणिस्तानात सहावीनंतर मुलींची शाळा बंद. माझी पोरगी यंदा सातवीत गेली, ती विचारते आई, तिथल्या बायका गप्प का बसल्यात? काय सांगू तिला?
– एक वाचक, अशोक चौक, सोलापूर

उत्तर : ताई, पहिलं तर हे सांगा की त्या गप्प बसलेल्या नाहीत. १५ ऑगस्ट २०२१ ला तालिबानने काबूल घेतलं आणि महिना व्हायच्या आत बायका रस्त्यावर उतरल्या, समोर बंदूकवाले उभे असताना भाकरी, काम, स्वातंत्र्य अशा घोषणा दिल्या, मार खाल्ला, पुढं कितीजणी तुरुंगात गेल्या. डिसेंबर २०२२ ला कॉलेजं बंद, २०२४ च्या डिसेंबरात नर्सिंग आणि सुईणीचं शिक्षणपण बंद. पुरुष डॉक्टरकडे जायला आडकाठी आणि बाई डॉक्टर तयार होऊ द्यायची नाही, मग बाळंतिणीनं जायचं कुठं? मला तर हे वाचून संतापच येतो.

तुमचा धंदा शिवणाचा म्हणून हेरात शहरातलं सांगते. पहिल्या तालिबान राजवटीत, म्हणजे २००१ च्या आधी, तिथं 'गोल्डन नीडल' नावाचा शिवणक्लास होता. बुरखा घालून बायका यायच्या, पिशवीत वर कापड-कात्री आणि खाली वही-पेन, आत गेल्या की विद्यापीठाचे प्राध्यापक साहित्य शिकवायचे. बाहेर लेकरं खेळत असायची, गस्तवाला दिसला की ती आत खबर द्यायची, लगेच वह्या लपवून सगळ्याजणी कापड हातात घेऊन शिवायला बसायच्या. पकडल्या असत्या तर जीवावरच बेतलं असतं.

आणि डॉ. सीमा समर. गझनी प्रांतातल्या, १९८२ ला काबूलमधून डॉक्टर झाल्या, नवऱ्याला कम्युनिस्ट सरकारनं उचलून नेलं तो परत आलाच नाही, पदरात लहान मूल. पाकिस्तानात क्वेट्ट्याला जाऊन निर्वासित बायकांसाठी दवाखाना काढला, १९८९ ला शुहदा संस्था काढली, तालिबान असतानापण देशात शाळा आणि दवाखाने चालवले. धमक्या खूप आल्या. नंतर अफगाणिस्तानच्या पहिल्या महिला व्यवहार मंत्री झाल्या.

पोरगी म्हणेल हे जुनं झालं, आता काय? आतापण घराघरात चोरून वर्ग चालतात, काहीजणी मोबाईलवर शिकतात, नेट मिळेल तेवढं. तिथल्या मुलींचा युनिफॉर्म काळा झगा आणि पांढरा रुमाल असा असायचा, तिला फोटो दाखवा, शिवणाऱ्या आईची लेक आहे, लगेच लक्ष जाईल तिचं.