तुमचे प्रश्न : पॅनयार्डात कॅमेरा

प्रश्न : त्रिनिदादमध्ये स्टीलपॅन हे पिंपाच्या पत्र्याचं वाद्य घडवणाऱ्या कारागिरांवर माहितीपट करायचा आहे. आम्ही दोघंच, पैसाही बेताचा. कला जपली जावी म्हणून नेमकं काय टिपावं?

उत्तर : कार्निव्हलच्या मिरवणुकीचा मोह सोडा, ती सगळेच टिपतात. वेळ घालवा तो वाद्य घडण्यावर. ५५ गॅलनच्या पिंपाचा तळ हातोड्याने ठोकून खोलगट करतात, सुरांच्या जागा आखतात, बाजू हवी तेवढी कापतात, पत्रा तापवतात आणि मग सूर लावायला बसतात. हा शेवटचा टप्पा ट्रायपॉडवरून, एकाच कोनातून, कॅमेरा न थांबवता घ्या. हात, हातोडी आणि पत्रा तिन्ही चौकटीत हवेत. शेजारचा सूर ठोकला की आधी जुळलेला सरकतो आणि कारागिराला मागे यावं लागतं. संकलनात ही ये-जा 'कंटाळवाणी' म्हणून कापली, तर शिकणाऱ्याच्या हाती काहीच लागत नाही. म्हणून महोत्सवासाठी २० मिनिटांचा चित्रपट खुशाल करा, पण अखंड चित्रण वेगळं जपा. काम संपल्यावर प्रत्येक सूर एकेकदा वाजवून घ्या. नाद पूर्ण विरेपर्यंत कुणी हलायचं नाही.

प्रश्न : पॅनयार्डात, म्हणजे बँडच्या सरावाच्या आवारात, आवाज फाटतो. शांत जागी उलट खरखर येते.

उत्तर : दोन्हीचं मूळ बहुधा ऑटो गेनमध्ये, म्हणजे आवाजाची पातळी (गेन) आपोआप कमी-जास्त करणाऱ्या सोयीत. मोठ्या ठोक्याला तो उशिरा दबतो आणि शांततेत वर चढून खरखर उपसून आणतो. आधी तो बंद करा. पॅन ऐकून पातळी ठरवू नका. खरा दणका असतो 'इंजिन रूम'चा, म्हणजे ताल विभागाचा. त्यात मोटारीचा जुना ब्रेक ड्रम बडवतात, त्याला तिथे 'आयर्न' म्हणतात. तो जोरात वाजत असताना गेन लावा, मीटरवर आवाजाची शिखरं उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. सोय असेल तर दुसऱ्या ट्रॅकवर तोच आवाज १० डेसिबल खाली घ्या. माइक आयर्नपासून दूर, पॅनच्या रांगांसमोर ठेवा. ३२-बिट फ्लोट रेकॉर्डरवर, म्हणजे खूप मोठा आवाजही न फाटता नोंदवणाऱ्या यंत्रावर, फार विसंबू नका, माइकच फाटला तर तोही हतबल.

प्रश्न : जमैकात ठीक चाललेलं सेटिंग त्रिनिदादच्या रात्रीच्या दिव्यांत लुकलुकतं. कॅमेरा बिघडला का?

उत्तर : नाही. दिव्यांचा उजेड विजेच्या वारंवारतेनुसार कमी-जास्त होतो, शटर तिच्याशी जुळलं नाही की लुकलुक दिसते. जमैकाची वीज ५० हर्ट्झ, त्रिनिदादची ६०. शटर १/५० वरून १/६० किंवा १/१२० करा. पुढे बार्बाडोसला गेलात तर परत १/५०.

प्रश्न : मिरवणुकीचे पोशाख दाखवायला घालणाऱ्याचा होकार पुरतो का?

उत्तर : पुरत नाही. त्रिनिदाद-टोबॅगोच्या १९९७ च्या कॉपीराइट कायद्यात 'मास'च्या, म्हणजे कार्निव्हलच्या वेशभूषेच्या सादरीकरणाच्या, कलाकृतींना स्वतंत्र संरक्षण आहे. त्यामुळे घालणाऱ्याची संमती वेगळी आणि हक्क ज्याचे त्याची वेगळी, दोन्ही लेखी घ्या. शाळेत, संग्रहालयात, इंटरनेटवर कुठेकुठे दाखवणार ते स्पष्ट लिहा. मोघम 'सर्व वापरासाठी' लिहिलं की पुढे वाद होतात. अखंड चित्रणाची एक प्रत कारागिराला मिळेल, हेही त्याच कागदावर घाला.